इस्त्री थांबवणाऱ्या बाई

पगारे बाईंचं नाव निघालं की मला जळल्याचा वास येतो. वाईट अर्थानं नाही. उदबत्तीच्या वासानं कुणाला देव आठवतो, तशा मला जळक्या टेरिकॉटच्या वासानं बाई आठवतात.

गंगापूर रोडला माझं इस्त्रीचं दुकान होतं. दुकान म्हणजे चार पत्रे, एक टेबल आणि वर एक पाटी. पाटीवर रंगाऱ्यानं काय लिहिलंय ते मला बरीच वर्षं नक्की माहीत नव्हतं. मी तिसरीपर्यंत शिकलो. तिसरी इतकी मन लावून केली की तीन वर्षं लागली. शेवटी मास्तरच म्हणाले, "बबन, एक तर तू जा, नाहीतर मी बदली मागतो." माणूस चांगला होता, त्याला कशाला त्रास, म्हणून मी गेलो. आता हे सगळं मी सांगतोय आणि मुलगी लिहितेय. शुद्ध वाटलं तर तिचं, फाजील वाटलं तर माझं.

पगारे बाई पलीकडच्या कॉलनीत राहायच्या. एका संस्थेच्या शाळेत मराठी शिकवायच्या. बुटक्या, जाड भिंगाचा चष्मा, आणि आवाज असा की गोदावरीच्या या काठावरून हाक मारली तर पलीकडचा माणूस 'ओ' देईल. खांद्याला कापडी पिशवी. तिच्यात खाली पुस्तकं, वर मेथीची जुडी. बाईंच्या सगळ्या पुस्तकांना मेथीचा वास यायचा. फुटाणे खात वाचायची सवय, त्यामुळे पानापानात सालं. कुणी म्हणालं, बाई, पुस्तक म्हणजे सरस्वती, असं नका वापरू, की म्हणायच्या, "पुस्तक काही नवी नवरी नाही. त्याला घरात वावरू द्या."

एकदा साडी घ्यायला आल्या, साडी झाली नव्हती. ती कधीच झालेली नसायची. बाई समोरच्या दगडावर टेकल्या, पुस्तक काढलं, वाचता वाचता एकट्याच हसल्या. मी विचारलं, काय झालं. त्यांनी सांगायला सुरुवात केली. एका नावाड्याचा पोरगा बापाशी भांडून पुरात होडी घालतो, अशी काहीतरी गोष्ट होती. मी साडीवर इस्त्री फिरवत ऐकत होतो. होडी मध्यावर आली आणि बाई थांबल्या.

"बबनभाऊ, हात का थांबला?"

"तुम्ही पुढं सांगा."

"वास येतोय."

"येऊ दे. पोरगा पोचला का?"

पोरगा पोचला, साडी गेली. बाईंचीच साडी होती. मी घाबरलो. बाईंनी पदरावरचं ते तपकिरी भोक उन्हाकडे धरून बघितलं आणि समाधानानं मान हलवली. "म्हणजे पुस्तक चांगलं आहे," म्हणाल्या.

हे खूळ त्यांना लहानपणापासूनचं. त्यांची आई सिन्नरला विड्या वळायची. अंगणात चार-पाच बायका सुपं घेऊन बसायच्या आणि ही शाळेतली पोरगी त्यांना मोठ्यानं पुस्तक वाचून दाखवायची. पुस्तक असंतसं असलं की बायकांचे हात पटापट चालायचे. चांगलं असलं की हात थांबायचे, तंबाखू मांडीवर, पान बोटात, तोंड उघडं. मग आई ओरडायची, "अशी पुस्तकं आणू नको गं, विड्या होत नाहीत." बाई म्हणायच्या, "मला तेव्हाच कळलं, कुठली आणायची ते."

तेव्हापासून मी बाईंची परीक्षेची जागा झालो. आयुष्यात पहिल्यांदा माझ्यावरून कुणीतरी पास-नापास व्हायला लागलं. बाई पुस्तक वाचायच्या, मग दुकानावर येऊन मला सांगायच्या. माझा हात चालू राहिला की पुस्तक मेथीखाली जायचं. मोठ्या मोठ्या लेखकांची पुस्तकं माझ्या हातून नापास झाली. त्यांना पत्ता नाही, नाहीतर त्यांनी माझ्या दुकानाला कुलूप लावलं असतं. माझी बायको मंगल, निफाडकडची, बाईंना म्हणायची, "बाई, ह्यांना नका सांगू, गिऱ्हाइकं जातील. मला सांगा, माझ्या हातात कुठं इस्त्री हाय?" बाईंनी तिला सांगितलं. त्या दिवशी आम्ही काळ्या भाकरी खाल्ल्या.

शिंदे कंत्राटदारांचा सफारी जळला तेव्हा मात्र माझी पाचावर धारण बसली. चॉकलेटी रंगाचा, नवा कोरा. पाठीवर मधोमध इस्त्रीचा ठसा, अगदी पिंपळाचं पान. शिंदे म्हणजे सहा फूट, मिशा वेगळ्या. मी बाईंना म्हटलं, मी आता कळवणला मामाकडे जातो, प्रकरण थंड झालं की बोलवा. बाई म्हणाल्या, "पुस्तक मी सांगितलं, मी येते."

शिंदे दारात उभे होते, हातात चहाची बशी. बाईंनी त्यांच्यासमोर सफारी उलगडला आणि म्हणाल्या, "शिंदेसाहेब, कपडा जळला याचं वाईट वाटतं. पण कशानं जळला ते ऐकून घ्या. मग काय बोलायचं ते बोला."

आणि दारातच सुरुवात केली. मी त्यांच्या पाठीमागे, पळायच्या तयारीत. शिंद्यांच्या बशीतल्या चहावर साय धरली. आतून त्यांची आई आली, ती पण उभी. बाई एका जागी येऊन थांबल्या, चष्मा पुसला.

"मग पुढं?" शिंदे म्हणाले.

"पुढं उद्या."

शिंद्यांनी सफारीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. "हा तूच घाल आता," म्हणाले. मी तो घातला. माझी अंगकाठी म्हणजे दोरीला टेकू द्यायचा बांबू. त्या सफारीत मी राहून वर एक भाडेकरू ठेवता आला असता.

गल्लीत टीव्ही एकट्या शिंद्यांकडे होता. गच्चीवर आभाळाला टेकलेला अँटेना. तरी मुंबईचं चित्र घाट चढून आमच्याकडे यायचं ते दमून यायचं, माणसं बोलताना थरथरायची. त्यात एक दिवस बाई दिसणार असं ठरलं. झालं असं की एका वाचनालयात बाई बोलल्या होत्या, तिथं टीव्हीचे एक निर्माते साहेब पाहुणे म्हणून आले होते. त्यांचा म्हणे भजी खाता खाता हात थांबला. त्यांनी बाईंना महिन्यातून एकदा पुस्तकावर बोलायला मुंबईला बोलावलं.

आता बाईंची साडी टीव्हीवर जाणार म्हणजे माझी इस्त्री टीव्हीवर जाणार. मी सुती निळी साडी घेतली आणि तिला खळ दिली. साधी खळ नाही. साडी कोपऱ्यात उभी केली तर उभी राहील, अशी. मंगल म्हणाली, "अहो, बाई त्यात वाकतील का?" मी म्हटलं, टीव्हीवर कोण वाकतं.

त्या संध्याकाळी सगळी गल्ली शिंद्यांच्या बैठकीत. बाई दिसल्या आणि आवाज सुरू झाला. खर्र, खर्र. शिंदे गच्चीवर पळाले, अँटेना फिरवला, वरून ओरडले, "आता?" खालून सगळे, "नाही." मी जाणकारासारखा म्हणालो, घाटात पाऊस असेल. शिंद्यांनी अँटेना चारी दिशांना फिरवला. चित्र गेलं, आलं, खर्र काही गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी बाई दुकानावर आल्या, दगडावर बसल्या.

"बबनभाऊ, तिथल्या माणसानं आधी दोनदा वायर बदलली. तिसऱ्यांदा कान लावला तेव्हा कळलं, आवाज माझाच आहे. हात हलवला की साडी वाजते. मग मी हात हलवलेच नाहीत. आणि हात न हलवता मला बोलता येत नाही. काल मी देवळातल्या समईसारखी बसले होते."

"पण साडी कशी दिसली?"

"साडी छान दिसली. साडीचाच कार्यक्रम झाला."

तेव्हापासून खळ बंद. पण बिनखळीची सुती साडी मुंबईपर्यंत जाताना बोळा व्हायची. मग असं ठरलं की मी बाईंबरोबर जायचं आणि साडी तिथंच इस्त्री करायची. पहाटेच्या गाडीनं आम्ही निघायचो. बाईंच्या मांडीवर पुस्तक, माझ्या मांडीवर कोळशाची इस्त्री. टीव्हीच्या फाटकावरचा रखवालदार पहिल्या दिवशी इस्त्री बघून म्हणाला, ये क्या है. मी म्हटलं, इस्त्री. तो म्हणाला, अंदर बिजली की है. विजेच्या इस्त्रीला मी हात लावणार नाही, मला तिच्या मनातलं कळत नाही. मग कॅन्टीनच्या शेगडीतून निखारे मागून घ्यायचो. कॅन्टीनवाला मला बाईंचा नवरा समजायचा. बाई सांगायच्या, "नवरा असता तर खळीच्या वेळीच सोडला असता." बाईंनी लग्न केलं नव्हतं. विचारलं तर म्हणायच्या, वाचायचं बाकी आहे.

दोन-तीन वर्षं असं चाललं. पण बाई खूश नव्हत्या. टीव्हीवर एक खुर्ची, एक टेबल, एक खोटं फूल. "एकट्यानं पुस्तकावर बोलणं म्हणजे एकट्यानं कॅरम खेळणं," म्हणायच्या. त्यांना भांडण पाहिजे होतं.

ह्याच्या मागं त्यांचा चुलतभाऊ. तो बोटीवर खलाशी. फ्रान्सच्या एका बंदरात हा जेवायला हॉटेलात गेला. तिथं टीव्ही चालू, टीव्हीवर चार माणसं खुर्च्यांवर बसून एका पुस्तकावरून भांडतायत. एक पुस्तक आपटतोय, दुसरा डोक्याला हात लावतोय. ह्याला एक अक्षर कळलं नाही. पण हॉटेलवाला सूप वाढता वाढता डाव हवेत धरून उभा राहिला तो राहिलाच. दर आठवड्याला असतं म्हणे हे, आणि दुसऱ्या दिवशी लोक दुकानात जाऊन तेच पुस्तक मागतात. भावाचं सूप गार झालं, म्हणून तो चिडून ही गोष्ट सांगायचा. बाई मात्र ती गोष्ट सोन्यासारखी जपून होत्या. "बबनभाऊ, डाव हवेत. अख्ख्या देशाचा डाव हवेत." मला फ्रान्स कुठं हे माहीत नव्हतं. मला वाटायचं इगतपुरीच्या पुढं मुंबई, मुंबईच्या पुढं फ्रान्स, मध्ये चहाला गाडी थांबत असेल.

बाईंनी निर्माते साहेबांच्या मागं टुमणं लावलं. चार खुर्च्या द्या. साहेब म्हणायचे, बाई, आपल्याकडे लोक चारचौघांत भांडत नाहीत. बाई म्हणायच्या, साहेब, तुम्ही आमच्या कॉलनीच्या नळावर या. शेवटी साहेब कंटाळले. म्हणाले, एकदा करू. थेट जाईल. जमलं तर चार खुर्च्या कायमच्या. नाही जमलं तर चारही उचलू, तुमची धरून.

बाईंनी त्या एका दिवसासाठी मोठ्या विचारानं पुस्तक निवडलं. गोष्टीत एक नवरा घर सोडून जातो आणि अकरा वर्षांनी परत येतो. बायको त्याला आत घेते, पाट मांडते, वाढते आणि विचारते, "पाहुणे, अजून वाढू का?" हे ऐकून दुकानात मी दोन उशांचे अभ्रे जाळले होते. इस्त्री हवेत उचलून ओरडलो होतो, "बरं केलं तिनं. मी तर म्हणतो, ताट पण द्यायला नको होतं."

त्या दिवशी मी मेकअपच्या खोलीत साडी इस्त्री करत होतो. दोन प्राध्यापक येऊन बसले होते, एक धोतरवाले, एक सुटातले. तिसरे एक मोठे समीक्षक पुण्याहून यायचे होते. त्यांचा फोन आला, गाडी घाटात बंद पडली. साहेबांनी खुर्चीकडे बघितलं आणि घाम पुसला. रिकामी खुर्ची म्हणजे सुरू व्हायच्या आधीच उचललेली.

बाई म्हणाल्या, "माझ्याकडे चौथा आहे." आणि माझ्याकडे बोट केलं.

"हे? हे तर इस्त्रीवाले."

"हे पुस्तक ऐकून ह्यांनी दोन अभ्रे जाळलेत. तुमच्या समीक्षकांनी काय जाळलंय?"

माझ्या अंगात तेव्हा काय होतं? शिंद्यांचा सफारी. मुंबईला जाताना मी तोच घालायचो, पाठ भिंतीकडे ठेवून. मला पावडर फासली, खुर्चीत बसवलं आणि दिवे लावले. दिवे म्हणजे माझ्या इस्त्रीतले सगळे निखारे कुणी डोळ्यांपुढं धरल्यासारखे.

कार्यक्रम सुरू झाला. धोतरवाले बोलले, ती बायको फार कठोर आहे. मी म्हणालो, बरोबर. सुटातले म्हणाले, छे, ती फार सौम्य आहे. मी म्हणालो, हे पण बरोबर. बाईंनी माझ्याकडे बघितलं. मग विचारलं, "बबनभाऊ, तुमचं काय मत?" मी म्हणालो, "दोघं साहेब बोलतात तसंच आहे. नवऱ्याची पण काहीतरी अडचण असेल."

मला एकच दिसत होतं. नाशकात शिंद्यांच्या बैठकीत पहिल्या रांगेत मंगल बसलेली असणार. आणि तरुणपणी मी स्वतः तिला सोडून सात महिने एका तमाशाच्या फडाबरोबर पळालो होतो, सोंगाड्या व्हायला. फडात मला सोंगाड्याचं काम मिळालंच नाही, कपडेच धुवायला लावले. हे गल्लीत सगळ्यांना माहीत होतं. त्यात मी टीव्हीवर पळपुट्या नवऱ्यावर काय बोलणार?

बाईंची मान लाल झाली. काचेपलीकडे साहेबांनी कपाळाला हात लावला होता. चारही खुर्च्या चालल्या होत्या.

"परवा दुकानात काय म्हणालात?" बाई म्हणाल्या.

"मी? कुठं काय?"

"ताट पण द्यायला नको होतं, असं म्हणालात."

"मी नाही असं बोललो."

"अरे बबन, खोटं बोलतोस?" बाईंचा आवाज शाळेतला झाला. अहो-जाहो संपलं. "इस्त्रीची शपथ घे. तू स्वतः तमाशात पळाला होतास. परत आलास तेव्हा मंगलनं काय केलं? सांग ह्यांना."

सुटातले प्राध्यापक खुर्चीत पुढं सरकले. आता लपवून काय उरलं होतं. मी म्हणालो, "ती काही बोलली नाही साहेब. मी पाण्याचा तांब्या शोधत होतो, तिनं हातात इस्त्री दिली. म्हणाली, सात महिन्यांचे कपडे पडलेत."

धोतरवाले मोठ्यानं हसले. "म्हणजे शिक्षा केली."

"शिक्षा कसली?" माझी जीभ सुटली. "इस्त्री दिली म्हणजे राहा म्हणाली. पाहुणे म्हणाली असती तर मी मेलो असतो. पाहुणा उद्या जातो."

"मग ही गोष्टीतली बाई चुकली म्हणा," सुटातले म्हणाले.

"चुकली कशी? तिच्याकडं इस्त्री कुठं होती?"

"अहो, तिच्याकडे अकरा वर्षं होती," धोतरवाले उसळले. "ती तुमच्या बायकोसारखी सातच महिने नाही थांबली." आणि त्यांनी पुस्तक आपटलं. बाईंनी ते उचलून पुन्हा आपटलं. सुटातले म्हणाले, तुम्ही दोघं शेवटचं पान विसरताय. बाई म्हणाल्या, तुम्ही पहिलं विसरताय. तिघं एकदम बोलायला लागले. मला पण काहीतरी म्हणायचं होतं, म्हणून हात उंचावला, तर पाण्याचा ग्लास धोतरवाल्यांच्या मांडीवर. मी म्हणालो, "साहेब, सोडा, आत्ता वाळवून इस्त्री करून देतो." सोडा म्हणजे धोतर. हे पण थेट गेलं. मी फडकं आणायला उठलो, वळलो, आणि शिंद्यांच्या बैठकीत एकच आवाज झाला म्हणे. टीव्हीभर पिंपळाचं पान. शिंदे छाती काढून म्हणाले, "माझा सफारी."

संपल्यावर साहेब आले. आधी पडलेला ग्लास उचलून टेबलावर ठेवला. मग म्हणाले, "कॅमेरावाल्यांचे हात थांबले होते. पुढच्या महिन्यापासून चार खुर्च्या." बाईंनी चष्मा काढून पदरानं पुसला, बराच वेळ पुसला. मग साहेब माझ्याकडे बघून म्हणाले, "आणि यांना परत आणू नका."

"नाही आणणार," बाई म्हणाल्या. "यांचं काम नाशकात आहे."

दुसऱ्या दिवशी सकाळी घरी पोचलो. मंगलनं दार उघडलं, डोक्यावर पदर घेतला आणि म्हणाली, "या पाहुणे. बसा. पाणी आणू का?" मला चहा पण कपबशीत दिला, ती फुलांची, जावयासाठी ठेवलेली. दुपारपर्यंत मी पाहुणा होतो. चार वाजता तिनं इस्त्री हातात दिली तेव्हा जीव भांड्यात पडला.

चार खुर्च्या पुढं कितीतरी वर्षं चालल्या. नाशिकला चित्र स्वच्छ यायला लागलं, घरोघर टीव्ही झाले. पुस्तकांच्या दुकानात लोक जाऊन विचारायचे, "ते बाईंनी भांडण केलेलं पुस्तक आहे का?" नाव कुणाच्या लक्षात नसायचं, भांडण असायचं. माझ्या दुकानात कपडे जळतच होते. गिऱ्हाइकं पण तयार झाली. चांगली पँट द्यायच्या आधी विचारायची, "बबन, सध्या बाईंचं काही चालू आहे का?"

मग मालिकांचे दिवस आले. जाहिरातवाल्यांना ती वेळ पाहिजे होती. साहेब निवृत्त झालेले, नव्या साहेबांनी चारही खुर्च्या उचलल्या. बाई दुकानावर येऊन सांगून गेल्या, "झालं, बबनभाऊ. आता तुमची इस्त्री टीव्हीवर जायची नाही." हसत सांगितलं, पण त्या दिवशी फुटाणे तसेच पिशवीत राहिले. त्याच सुमाराला त्यांना मुख्याध्यापिका करून संस्थेनं कळवणच्या शाळेत पाठवलं. मला वाटलं, संपल्या बाई. टीव्हीवर बोलणारं माणूस आता हजेरीपटावर सह्या करणार.

मी एसटी स्टँडवर पोचवायला गेलो. साड्या इस्त्री करून नेल्या होत्या, बिनखळीच्या. बाई खिडकीशी बसल्या होत्या, पायाशी पुस्तकांची तीन पोती.

"बाई, तिकडं कोण ऐकणार?" मी खालून विचारलं.

"बघू," त्या म्हणाल्या. "तुम्ही तरी कुठं पाटी लावली होती, इथं पुस्तकं ऐकली जातील म्हणून?"

मला माझी पाटी वाचता येत नव्हती, म्हटलं, लिहिलंही असेल.

कंडक्टर आला. पोती बघून म्हणाला, "मावशी, लगेज लागंल."

"लावा की," बाई म्हणाल्या. "पण कशाचं लावताय ते तर ऐकून घ्या." आणि वरचं एक पुस्तक काढून मांडीवर ठेवलं, दोन्ही हात मोकळे केले.

ड्रायव्हरनं इंजिन चालू केलं. मी खिडकीपासून लांब झालो, हात वर केला. गाडी हलेना. कंडक्टरचा एक हात घंटीच्या दोरीवर होता, दुसऱ्यात तिकिटाचा चिमटा उघडाच. पुढच्या सीटवरची एक म्हातारी पूर्ण मागं वळून बसली होती. ड्रायव्हरनं हॉर्न दिला. थोड्या वेळानं मान वळवून बघितलं. मग इंजिन बंद केलं.

मी दुकानावर आलो. मंगल टेबलापाशी होती, विचारलं, "गेल्या का बाई?"

"नाही अजून," मी म्हटलं. "कंडक्टरचा हात थांबलाय."